झाकणाला भोक पाडलेली पेटी : यरुशलेमच्या मंदिराच्या डागडुजीचे प्रकरण

शलमोन राजाने यरुशलेममध्ये मंदिर बांधले, हे बायबल कधी न उघडलेल्यालाही ऐकून माहीत असते. त्याच मंदिराला दीडशे वर्षांनी चिरा पडल्या, दुरुस्तीसाठी पैसा येत राहिला आणि तरी वर्षानुवर्षे एक दगड हलला नाही, हा भाग मात्र फारसा कोणी सांगत नाही. सार्वजनिक पैसा, तो गोळा करणारे हात आणि रखडलेले काम यांचे इतके जुने आणि इतके तपशीलवार प्रकरण क्वचितच सापडते. मूळ हकिकत 'दुसरे राजे' या ग्रंथाच्या बाराव्या अध्यायात आहे. 'दुसरे इतिहास' या ग्रंथाच्या चोविसाव्या अध्यायात तीच गोष्ट थोडी वेगळी येते. दोन्ही समोर ठेवून हे प्रकरण मांडतो आहे.

पार्श्वभूमी

मंदिर उभे राहिले ते इ.स.पू. दहाव्या शतकात. ग्रंथातली मापे साठ हात लांब, वीस हात रुंद, तीस हात उंच अशी आहेत, म्हणजे अंदाजे २७ मीटर लांब आणि ९ मीटर रुंद. वास्तू तशी लहानच. पण खर्च लहान नव्हता. सोर (टायर) शहराचा राजा हिराम याने लबानोनचे (लेबनॉनचे) गंधसरू, म्हणजे सीडारचे लाकूड, आणि कारागीर पुरवले; त्याच्या बदल्यात शलमोन दरसाल त्याला २०,००० कोर (धान्याचे एक मोठे माप) गहू आणि वर तेल देत होता. मंदिराला सात वर्षे लागली, राजवाड्याला तेरा. सगळे उरकल्यावर शलमोनाने गालीलातली वीस गावे हिरामाला देऊन टाकली. ती पाहून हिरामाने नाक मुरडले, असे ग्रंथच सांगतो.

मजुरीचा हिशेब याहून बोलका आहे. ३०,००० माणसे वेठीला धरली होती. त्यांच्या तीन पाळ्या केल्या होत्या : एक महिना लबानोनात, दोन महिने घरी. शिवाय ७०,००० ओझेवाले आणि ८०,००० पाथरवट. हे आकडे अक्षरशः घ्यावेत की नाही यावर वाद होऊ शकतो, पण लोकांच्या मनात काय उरले यावर नाही. शलमोन गेला, मुलगा रहबाम गादीवर आला, आणि उत्तरेकडच्या लोकांनी 'जोखड हलके कर' एवढीच मागणी केली. त्याने ती झिडकारली. वर वेठीचा मुख्य अधिकारी अदोराम यालाच बोलणी करायला पाठवले. लोकांनी त्याला दगडांनी ठेचून मारले. इ.स.पू. ९३०च्या सुमारास राज्य दुभंगले. शलमोनाचा बाप दाविद याच्या वंशाकडे उरला दक्षिणेतला लहानसा यहूदा, आणि त्यात हे भव्य खर्चाचे मंदिर.

मंदिर बाहेरून दगडी, आतून गंधसरूच्या फळ्यांनी मढवलेले, त्यावर सोने. दगड टिकतो, लाकडाचे तसे नसते. त्यातच नवव्या शतकात अथल्या राणीची कारकीर्द आली. मुलगा मेल्यावर तिने राजवंशाची कत्तल करून गादी घेतली. तिच्या घरच्यांनी मंदिर फोडून तिथल्या पवित्र वस्तू बआल देवाच्या पूजेसाठी वापरल्या, असे 'इतिहास' सांगतो. कत्तलीतून योआश नावाचे एक तान्हे मूल वाचले. त्याच्या आत्याने, यहोशेबाने, त्याला दाईसकट मंदिरात लपवले. सहा वर्षे. सातव्या वर्षी मंदिराचा मुख्य याजक (पुजारी) यहोयादा याने पहारेकऱ्यांचे नायक हाताशी धरून मुलाला बाहेर आणले, मुकुट घातला, आणि अथल्येला ठार करवले.

म्हणजे हा राजा त्या मंदिरातच वाढला. कुठली फळी कुजली आहे आणि कुठली भिंत फुगली आहे हे त्याला कारभाऱ्यांकडून कळण्याची गरज नसावी. पुढे मंदिर नीट करण्याचा ध्यास त्यानेच घेतला, यात मला नवल वाटत नाही.

अडचण

योआशाने याजकांना हुकूम दिला : मंदिरात येणारा पवित्र पैसा घ्या आणि जिथे जिथे भगदाड दिसेल तिथे ते बुजवा. हा पैसा तीन वाटांनी येई. शिरगणतीमागे डोईपट्टी, नवस फेडताना माणसाची जी किंमत ठरवली जाई ती रक्कम, आणि ज्याने त्याने आपखुशीने दिलेले दान. प्रत्येक याजकाने हा पैसा आपापल्या 'मक्कार'कडून घ्यायचा होता. हा हिब्रू शब्द आपल्या कानाला भलताच लागतो. त्याचा अर्थ कोणी 'ओळखीचा माणूस' असा लावतात, कोणी 'मंदिरातला हिशेबनीस' असा.

'पैसा' म्हणताना नाणी डोळ्यांसमोर आणू नयेत. यहूदात त्या काळी नाणी नव्हतीच. व्यवहार होई तो चांदीच्या तुकड्यांत, तराजूवर तोलून. एक शेकेल म्हणजे सुमारे ११ ग्रॅम, आपल्या तोळ्याच्या जवळपास. चांदीचा तुकडा कातरता येतो, त्यात हीण मिसळता येते, आणि तो कोणाकडून आला हे त्याच्यावर लिहिलेले नसते.

राजाच्या कारकिर्दीचे तेविसावे वर्ष उजाडले तरी याजकांनी एकही भगदाड बुजवले नव्हते.

पहिला हुकूम कोणत्या वर्षी निघाला हे ग्रंथ सांगत नाही, त्यामुळे उशीर नेमका किती झाला ते काढता येत नाही. पण राजा सातव्या वर्षी गादीवर बसला होता, तो आता तिशीला टेकला होता. त्याने यहोयादा आणि इतर याजकांना बोलावून सरळ विचारले, तुम्ही मंदिराची दुरुस्ती का करत नाही?

याजकांचे उत्तर ग्रंथात नाही, आणि चोरीचा आरोपही कुठे नाही. वाचणारा घाईने 'खाल्ले' असे म्हणून मोकळा होतो. मला ते पटत नाही. याजक लेवी वंशातले. त्या वंशाला वाटणीची शेतजमीन नव्हती, त्यांचे पोट देवाला आलेल्यावरच चाले. हुकूम नीट पाहा. त्याच हातांनी पैसा घ्यायचा, त्यातूनच आपला रोजचा गाडा चालवायचा, आणि उरेल त्यातून गवंडीकाम करून घ्यायचे. किती टक्के दुरुस्तीला, हे ठरलेले नाही. काम कधी संपवायचे, ठरलेले नाही. एकूण खर्च किती, कोणी काढलेला नाही. प्रत्येक जण आपल्या ओळखीच्यांकडून घेणार, म्हणजे एकूण जमा किती झाली हे एकालाही माहीत नाही. बारभाईची शेती, काय लागेल हाती. अशा व्यवस्थेत सगळे प्रामाणिक असले तरी काम होत नाही.

समोरचे पर्याय

राजाने कोणते पर्याय तोलले हे ग्रंथ लिहीत नाही. परिस्थिती पाहता पुढचे पर्याय तरी उघड होते.

याजकांना शिक्षा करून बदलायचे, हा पहिला. पण त्याच याजकांनी त्याला गादीवर बसवले होते. यहोयादाने त्याला वाढवले, त्याची दोन लग्ने लावून दिली. पहारेकऱ्यांचे नायक यहोयादाच्या शब्दावर चालत. ज्याच्या मांडीवर लहानाचे मोठे झालो त्याला सर्वांसमोर चोर ठरवणे, हे राजाला परवडणारे नव्हते आणि बहुधा त्याच्या मनातही नव्हते.

वेठ लावायची, हा शलमोनाचा रस्ता. अदोरामाचे काय झाले हे यहूदातले कोणी विसरले असेल असे वाटत नाही. शिवाय दुभंगलेल्या राज्यात वेठीला धरायला माणसे तरी किती उरली होती?

तिसरा पर्याय मला सर्वांत विचार करायला लावतो. मंदिराच्या भांडारात यहोशाफाट, यहोराम, अहज्या या आधीच्या तीन राजांनी वाहिलेल्या वस्तू पडून होत्या. सोने होते. त्यातले थोडे वितळवून सुतार-गवंड्यांचे पैसे भागवता आले असते. तसे झाले नाही. देवाला वाहिलेल्याला हात लावायचा नाही, हा विचार त्यामागे असणार. या सोन्याकडे पुढे परत येऊ.

उरला चौथा : माणसे तीच ठेवायची, पैशाची वाट बदलायची.

काय केले

राजाने आधी याजकांशी बोलून मोकळे करून घेतले. यापुढे लोकांकडून तुम्ही पैसा घ्यायचा नाही, आणि दुरुस्तीची जबाबदारीही तुमच्यावर नाही. याजकांनी दोन्ही मान्य केले. हा सौदा वरवर दिसतो त्याहून हुशारीचा आहे. नुसता अधिकार काढला असता तर तो अपमान ठरला असता. नुसते ओझे काढले असते तर पैसा त्यांच्याकडेच राहिला असता. दोन्ही एकदम काढल्यामुळे कोणाचीही मान खाली गेली नाही. त्यातही दोषार्पण आणि पापार्पण (अपराध-पापाच्या प्रायश्चित्ताची अर्पणे) यांचा पैसा याजकांचाच राहील, तो दुरुस्तीच्या खात्यात येणार नाही, असे स्पष्ट ठेवले. त्यांच्या पोटाला हात लागला नाही. हे कलम नसते तर पेटी पहिल्याच महिन्यात कुठेतरी 'हरवली' असती, असा माझा अंदाज आहे.

मग यहोयादाने एक पेटी घेतली, तिच्या झाकणाला भोक पाडले, आणि मंदिरात शिरताना उजव्या हाताला वेदीजवळ ती ठेवली. ज्याला जाब विचारला त्यानेच उपाय हातात घेतला, हे विसरू नये. उंबरठ्यावर पहारा करणारे याजक आलेला सगळा पैसा त्या भोकातून आत टाकत. पेटीतली चांदी आता कोणाची ओळखीची राहिली नाही. आत गेली की झाकण उघडल्याखेरीज बाहेर येणार नाही.

झाकण उघडायचे कधी आणि कोणी, हा खरा मुद्दा. पेटीत बरीच चांदी साठली की राजाचा चिटणीस आणि मुख्य याजक असे दोघे येत. चांदी थैल्यांत बांधून मोजत. एकट्याने पेटी उघडायची नाही. राजवाडा आणि मंदिर यांचा एकमेकांवर डोळा. मग तोललेली चांदी कामावरच्या मुकादमांच्या हाती जाई, आणि मुकादम ती सुतारांना, बांधकाम करणाऱ्यांना, गवंड्यांना, पाथरवटांना देत, लाकूड आणि घडीव दगड विकत घेत. शलमोनाच्या वेळी ज्या कामाला वेठ होती त्याला आता मजुरी मिळत होती. ग्रंथ याचा डांगोरा पिटत नाही, पण माझ्या मते या प्रकरणातला हा सर्वांत मोठा बदल आहे.

आणखी दोन नियम होते. या पैशातून चांदीचे पेले, कातऱ्या, वाट्या, कर्णे असले काहीही करायचे नाही. जीर्णोद्धाराच्या निधीतून आधी चकचकीत भांडी घेण्याचा मोह कुठल्याही काळी होतो, कारण भांडे दिसते आणि बुजवलेली चीर दिसत नाही. दुसरा नियम अधिक चमत्कारिक आहे : मुकादमांकडून हिशेब मागितला जात नसे, कारण ते सचोटीने वागत. वर दोन अधिकारी मिळून मोजणार, खाली कोणी विचारणार नाही.

दोन अहवाल, आणि एक वादग्रस्त तिसरा

'इतिहास' हा ग्रंथ यहूदी लोकांच्या बाबिलोनमधल्या बंदिवासानंतरचा, म्हणजे घटनेनंतर काही शतकांनी लिहिलेला. त्यात पेटी वेदीजवळ नाही, मंदिराच्या दाराबाहेर आहे. दवंडी पिटली जाते, सरदार आणि प्रजा आनंदाने येऊन स्वतःच्या हाताने चांदी टाकतात, पेटी भरते, रिकामी होते, पुन्हा जागेवर येते. भांड्यांबद्दल तर थेट वेगळे सांगितले आहे : काम पुरे झाल्यावर उरलेल्या चांदीची मंदिरासाठी भांडी केली.

दोन्हींचा मेळ घालता येतो, पण मला मेळ घालण्यापेक्षा फरक महत्त्वाचा वाटतो. पहिल्या हकिकतीत टाकणारा याजक आहे, दुसरीत देणारा स्वतः. पेटी आत असेल तर देणाऱ्याचा पैसा उंबरठ्यापासून पेटीपर्यंत एका तरी माणसाच्या हातात असतो. ती बाहेर आली की तेवढेही अंतर मिटते. पेटी खरोखर हलवली की नंतरच्या लेखकाने ती जिथे असायला हवी होती तिथे ठेवली, हे आपापले ठरवावे.

तिसरा 'अहवाल' दगडावरचा. एकविसाव्या शतकाच्या आरंभी एक काळसर शिळा पुढे आली. तिच्यावर प्राचीन हिब्रू लिपीत, राजाच्या तोंडून, याच दुरुस्तीची हकिकत. २००३ साली इस्राएलच्या पुरातत्त्व खात्याने नेमलेल्या समितीने ती बनावट ठरवली. खटला वर्षानुवर्षे चालला. २०१२ साली आरोपी बनावटीच्या आरोपातून सुटला, पण शिळा खरी आहे असे काही न्यायालयाने म्हटले नाही. भाषेच्या जाणकारांनी एका शब्दावर बोट ठेवले होते. बायबलमध्ये 'बेदेक' म्हणजे भगदाड, चीर. आजच्या हिब्रूत 'बेदेक बायित' म्हणजे घराची तपासणी-दुरुस्ती. शिळेवरचा राजा अभिमानाने सांगतो की मी मंदिराचे 'बेदेक केले'. जुन्या अर्थाने घेतले तर त्याने मंदिराला भगदाड पाडले!

परिणाम

मंदिर पूर्ववत झाले, मजबूत झाले, असे 'इतिहास' म्हणतो. पेटीची युक्ती चालली. प्रकरण इथे संपले असते तर गोड झाले असते.

उत्तरेकडे दमास्कसला हजाएल हा राजा होता. अश्शूरच्या (असिरियाच्या) शिलालेखात त्याला 'कोणाचाही मुलगा नसलेला' म्हणून हिणवले आहे, म्हणजे गादी बळकावलेला. हजाएलाने पलिष्ट्यांचे, म्हणजे यहूदाच्या शेजारच्या लोकांचे, गथ शहर घेतले. तिथल्या उत्खननात शहराभोवती खणलेला सुमारे अडीच किलोमीटरचा वेढ्याचा खंदक आणि इ.स.पू. नवव्या शतकाच्या उत्तरार्धातला विध्वंसाचा थर सापडला आहे. उत्खनन करणारे तो हजाएलाशी जोडतात. गथ पडल्यावर त्याने तोंड यरुशलेमकडे वळवले.

तेव्हा योआशाने तीन पूर्वजांनी वाहिलेल्या वस्तू, स्वतः वाहिलेल्या वस्तू, मंदिराच्या भांडारातले आणि राजवाड्यातले सगळे सोने गोळा केले आणि हजाएलाला पाठवून दिले. तो परत गेला. दुरुस्तीला जे सोने काढले नव्हते ते खंडणीला गेले.

पुढचे 'इतिहास' अधिक काळोखे सांगतो. यहोयादा वारला, त्याला राजांच्या शेजारी पुरले. राजाचे कान सरदारांकडे वळले. यहोयादाचा मुलगा जखऱ्या याने भर लोकांत राजाला सुनावले, तेव्हा राजाच्या हुकमाने त्याला मंदिराच्याच अंगणात दगडमार करून ठार केले. चाळीस वर्षे राज्य करून योआश आपल्याच चाकरांच्या हातून मेला.

वेगळे काय करता आले असते

सुरुवातीच्या हुकमातच घोळ होता. 'जिथे भगदाड दिसेल तिथे' हे कामाचे वर्णन होत नाही. एक पाथरवट आणि एक सुतार घेऊन महिनाभर मंदिर पाहून यादी केली असती, आणि मग पैशाकडे वळले असते, तर तेविसाव्या वर्षाची वाट पाहावी लागली नसती. पेटी बनवायला काही तेवीस वर्षे लागत नाहीत.

मुकादमांकडून हिशेब न घेण्याबद्दल माझे मत दुहेरी आहे. लहान गावात, मोजक्या माणसांत, रोज काम डोळ्यांसमोर उभे राहत असताना भिंत हाच हिशेब असतो. दगड बसला की दिसतो. पण ती माणसे बदलली की हा नियम त्यांच्या सचोटीसकट बदलत नाही. तो तसाच लिहिलेला राहतो. 'ही माणसे सचोटीची आहेत म्हणून' हे कारण लिहून ठेवले, मुदत लिहिली नाही.

सगळ्यांत मोठी त्रुटी मात्र पेटीच्या रचनेत होती, आणि ती त्या काळी कोणाला त्रुटी वाटली असेल का याची मला शंका आहे. पेटीने याजकांचा हात अडवला. चिटणीस आणि मुख्य याजक यांनी एकमेकांना अडवले. राजाला कोणी अडवले नाही. भांडारातले सोने काढायला दोन सह्या लागत नव्हत्या. यहूदाच्याच आसा राजाने योआशाच्या आधी तेच केले होते, मंदिरातली चांदी-सोने दमास्कसच्या राजाला पाठवून मदत विकत घेतली होती. नंतर आहाज राजाने अश्शूरच्या राजाला तसेच धाडले. हिज्किया राजाने इ.स.पू. ७०१मध्ये अश्शूरचा राजा सन्हेरिब याची खंडणी भागवायला मंदिराच्या दारांवरचे सोने ओरबाडून काढले. मंदिर हे राज्याचे राखीव भांडार, हा समज इतका मुरलेला होता की त्याला कुलूप लावावे असे कोणाला सुचणे अवघड. हजाएल वेशीवर असताना सोने देणे चूक होते असेही मी म्हणणार नाही; गथचे काय झाले ते योआशाने पाहिले होते. पण किती द्यायचे यावर मुख्य याजकाशी बोलणे झाले का, काही राखले का, हे ग्रंथ सांगत नाही. तो म्हणतो, सगळे.

पेटीची रीत मात्र टिकली. जवळजवळ दोनशे वर्षांनी, इ.स.पू. ६२२च्या सुमारास, योशिया राजाच्या अठराव्या वर्षी तेच मंदिर पुन्हा डागडुजीला आले. तीच पद्धत : उंबरठ्यावरच्या पहारेकऱ्यांनी गोळा केलेला पैसा, राजाचा चिटणीस, मुख्य याजक, मुकादम, सुतार, गवंडी. हिशेब मागायचा नाही, हे वाक्यसुद्धा पुन्हा तसेच. चिटणीस शाफान चांदीचे काम पाहायला मंदिरात गेला. परत येऊन त्याने आधी राजाला हिशेब सांगितला, की पैसा काढून कामावरच्यांच्या हाती दिला आहे. मग म्हणाला, हिल्किया याजकाने मला एक ग्रंथ दिला आहे. तो नियमशास्त्राचा ग्रंथ होता, दुरुस्तीच्या गडबडीत मंदिरात सापडलेला. शाफानाने तो राजाला वाचून दाखवला, आणि राजाने आपली वस्त्रे फाडली.